एकवीस गाणी तयार आहेत, अल्बम अजून नाही

तुझा प्रश्न मी तीनदा वाचला. बाकीच्यांना कळावं म्हणून आधी थोडक्यात मांडतो. वय २३, राहायला सोलापूरच्या पूर्व भागात, अशोक चौकाच्या अलीकडे. ४ वर्षं चौघांच्या क्रूमध्ये रॅप करतोयस, आता एकट्याचा पहिला अल्बम काढायचाय. २१ गाणी लिहून तयार आहेत, ६०,००० रुपये गाठीला आहेत. माइक कोणता घेऊ, हिंदीत करू की मराठीत, अल्बमऐवजी सुटी गाणी सोडत राहू का, आणि एका लेबलनं, म्हणजे गाणी काढणाऱ्या कंपनीनं, पाठवलेल्या करारावर सही करू का, असे तुझे चार प्रश्न. त्याखेरीज तीन गोष्टी तू जाता जाता लिहिल्यास. घरात तेलुगू बोलता. वडील कापडाच्या मागावर कामाला आहेत आणि आई विड्या वळते. आणि क्रूमधल्या पोरांना अजून काहीच सांगितलेलं नाही. माझ्या मते तुझ्या चार प्रश्नांची उत्तरं या तीन गोष्टींत आहेत, म्हणून उत्तर लांबणार आहे.

मी १४ वर्षं सोलापुरात रेकॉर्डिंगची एक छोटी खोली चालवतो. पोट भरतं ते भीमजयंतीच्या गाण्यांवर, गणपती मंडळांच्या गाण्यांवर आणि निवडणुकीच्या प्रचारगीतांवर. पण रॅप करणारी पोरं पहिल्यापासून येत राहिली, आणि त्यांच्यासाठी मी रात्री जागत आलोय. आजवर सहा जणांचे पहिले अल्बम या खोलीतून पूर्ण होऊन बाहेर पडले. नऊ जणांचे अर्ध्यात राहिले. त्या नऊपैकी एकाचाही माइकमुळे अडला नाही. पैशानं दोघांचे अडले. बाकी सात जण पाचव्या-सहाव्या गाण्याला येऊन थांबले, कारण त्यांना आता पुढं काय बोलायचं तेच कळेना. गाणी लिहिलेली होती, तरी कळेना.

हे का होतं ते सांगतो, कारण तुझी खरी अडचण हीच आहे असं मला वाटतं. ९० बीपीएमच्या, म्हणजे मिनिटाला ९० ठोक्यांच्या, बीटवर चार ठोक्यांचा एक बार साधारण २.७ सेकंदांचा असतो. १६ बारचा व्हर्स, म्हणजे एक कडवं, ४३ सेकंदांचा. क्रूच्या गाण्यात तुझ्या वाट्याला एक व्हर्स येतो, म्हणजे ४ वर्षांत तू कुठल्याही गाण्यात सलग एक मिनिटही बोललेला नाहीस. तू पाठवलेली क्रूची दोन्ही गाणी मी ऐकली. तू जोरात आहेस, शब्द साफ आहेत, ठोका सुटत नाही. पण ओळीचा शेवटचा शब्द प्रत्येक वेळी चौघं मिळून उचलता, आणि त्या आवाजाआड तू श्वास घेतोस. तुझं म्हणणं जिथं संपतं तिथं दुसरा सुरू होतो. त्यामुळं तुझ्या ४३ सेकंदांत तू फक्त एकच काम करतोस: 'मी पण आहे' असं सांगतोस. क्रूमध्ये तेवढं पुरतं. सोलो अल्बममध्ये, नऊ गाणी धरली आणि प्रत्येकात दोन व्हर्स धरले, तरी जवळपास १३ मिनिटं फक्त तुझे शब्द आहेत, हूक, म्हणजे परत परत येणारी ध्रुपदं, वेगळेच. 'मी पण आहे' हे १३ मिनिटं कोणी ऐकत नाही, सख्खा भाऊसुद्धा नाही.

म्हणून माझ्याकडं कोणी पहिला अल्बम घेऊन आला की मी त्याला एकच गोष्ट करायला लावतो. प्रत्येक गाण्याच्या कागदावर वरच्या कोपऱ्यात लिही: हे मी कोणाशी बोलतोय? 'सगळ्यांशी' चालणार नाही. 'हेटर्सशी' तर अजिबात नाही, कारण ज्याचा अजून अल्बम आलेला नाही त्याचा द्वेष करायला कोणाला वेळ नसतो. नाव लिही, नातं लिही. आई. वडिलांचा शेठ. दहावीत शेजारच्या बाकावर बसायचा तो मित्र, जो आता पुण्यात हिंजवडीला कामाला आहे. सात रस्त्यावर रात्री गाडी अडवणारा हवालदार. २१ पैकी ज्या गाण्यांवर असं नाव लिहिता येत नाही ती बाजूला ठेव. फाडू नकोस, क्रूच्या कामाला येतील. माझा अनुभव असा की २० गाण्यांतली पाच-सहाच उरतात. तुझी कमी-जास्त उरतील. उरलेल्यांच्या जोडीला तीन-चार नवीन लिहावी लागतील, आणि अल्बममधली सगळ्यात चांगली गाणी बहुतेक वेळा तीच असतात.

एका पोराचं सांगतो. त्याच्याकडं संघर्षावर गाणं होतं. अंधार, पहाट, स्वप्नं, पायातले काटे, सगळं होतं. टेकवर टेक घेतले, जमेना. मी त्याला म्हटलं, हेडफोन काढ आणि तुझ्या मोठ्या भावाला फोनवर व्हॉइस मेसेज टाक, तो पुण्याला गेल्यापासून घरी काय चाललंय ते सांग. तो दोन मिनिटं बोलला. त्यात गिरणीतून निवृत्त झालेले आजोबा होते, थकलेलं लाइटबिल होतं, आणि 'तू आला नाहीस तरी चालेल, पण फोन उचलत जा' हे वाक्य होतं. आम्ही तो मेसेजच कागदावर उतरवला आणि त्याच्यावरून व्हर्स बांधला. जुनं गाणं त्यानं परत काढलंच नाही.

आता भाषा. तू विचारतोयस हिंदी की मराठी. हिंदीत पोच जास्त मिळते हे खरं आहे, ते मी नाकारत नाही. पण तुझी हिंदी मुंबईची आहे, रील्समधून आलेली. ती तू कोणाशीच बोलत नाहीस. घरी तेलुगू, शाळा मराठी, चौकात आपली दखनी वळणाची हिंदी, आणि बाजारात कानडी कानावर पडते तीही तुला कळते. सोलापुरात पाच भाषांत ऐकणं आणि तीन भाषांत उत्तर देणं यात कोणाला काही विशेष वाटत नाही. मग गाण्यातच एक भाषा निवडायची सक्ती कशाला? वरच्या कोपऱ्यात नाव लिहिलंस की भाषा आपोआप ठरते. आईशी बोलतोयस तर 'अम्मा' म्हणूनच हाक मारशील. शेठशी मराठीत बोलशील. चौकातल्या मित्राशी 'का बे' नं सुरुवात होईल. आपल्याच गावचे शाहीर राम जोशी एकाच लावणीत संस्कृत आणि मराठी गुंफायचे, आणि लोक ते डोक्यावर घ्यायचे. समोर कोण बसलंय हे त्यांना पक्कं माहीत असायचं.

अल्बमचा पाया मात्र मराठी ठेव, असं माझं मत आहे, आणि तीही सोलापुरी मराठी. कारण सांगतो, ते भावनेचं नाही, कानाचं आहे. आपण 'काय करतोयस' म्हणत नाही, 'काय करलालास बे' म्हणतो. 'येलालाय', 'बोललालाय', 'जेवलालाय'. त्या जोडीनं येणाऱ्या 'ला-ला'मुळं जीभ घसरगुंडीवरून गेल्यासारखी पुढं जाते. जलद फ्लोमध्ये हे सोनं आहे. पुण्या-मुंबईच्या रॅपरला ते मुद्दाम शिकावं लागेल, तुला ते आईच्या मांडीवर मिळालंय.

पण इथंच एक मोठा खड्डा आहे, त्यात जवळजवळ प्रत्येक मराठी रॅपर पडतो. मराठी वाक्याच्या शेवटी क्रियापद येतं. त्यामुळं काही न करता यमक जुळतं. 'जागत होतो, धावत होतो, पडत होतो, उठत होतो.' चार ओळी झाल्या आणि हाती काहीच लागलं नाही. सोलापुरीत तर सगळ्याच क्रियापदांना 'लालाय' लागतं, म्हणजे शेवटाला सगळं सगळ्याशी जुळतं, आणि सगळं जुळतं तेव्हा कान लक्ष देणं सोडतो. म्हणून क्रियापद ओळीच्या पोटात ढकल आणि शेवट नामावर कर. नाहीतर दीर्घ स्वर आणि मागं बंद होणारं व्यंजन असलेल्या शब्दावर कर: घाम, माग, सूत, सूप, चूक, वीट. मराठीत शब्दाच्या शेवटचा 'अ' आपण बोलताना गिळतो, त्यामुळं असा शब्द दार लावल्यासारखा बंद होतो. तो बरोबर स्नेअरवर, म्हणजे ड्रमच्या कडक ठोक्यावर, पडला की ऐकणाऱ्याची मान हलते. आता तुझ्याच घरातलं घेतो. 'मांडीवर अम्माच्या सूप, भिंतीपलीकडं माग, तो कधीच नाही चूप.' ही काही थोर ओळ नाही, मी आत्ता लिहिता लिहिता केली. पण बघ, यात संघर्ष हा शब्द नाही, क्रियापद शेवटी नाही, आणि तुझं घर दिसतं. तुझ्याकडं तर त्या सुपातली पानं कापायची कात्री आहे, हजार विड्यांमागं ठरलेली मजुरी आहे, कारखान्यात माल परत आला की आईचं तोंड कसं होतं ते तुला माहीत आहे. ते लिही.

मात्रांचा सराव करायचा असेल तर जुने कटाव मोठ्यानं म्हणून बघ. कवी अमृतरायांचे मिळतील. अनुप्रासावर अनुप्रास घेत एका दमात पळणारी ती रचना आहे. श्वास कुठं घ्यायचा हे त्यातून जितकं शिकायला मिळतं तितकं कुठल्याही ट्युटोरियलमधून मिळत नाही. तुला त्याची गरज आहे, कारण आता तुझा श्वास झाकायला मागं तिघं नसतील. लिहितानाच ओळीत श्वासाची खूण कर. जिथं खूण करता येत नाही तिथले दोन शब्द काढ.

एक सांगायला थोडं कठीण वाटतं, पण सांगतो. सोलापूरचा अल्बम करायचा म्हणून चादर, शेंगाचटणी, कडक भाकरी, गिरणीचं धुराडं आणि सिद्धेश्वराच्या काठ्या प्रत्येक गाण्यात आणू नकोस. मला या सगळ्याचं प्रेम आहे, गड्ड्याची जत्रा मी एक वर्ष चुकवलेली नाही. पण गाण्यात नुसती नावं घेतली की ते स्टेशनाबाहेरच्या दुकानाच्या पाटीसारखं होतं. मागाचा आवाज रेकॉर्ड करून ड्रमसारखा वापरायची कल्पना तुलाही सुचलीच असणार, येणाऱ्या प्रत्येकाला सुचते. वापर, पण एकाच गाण्यात, आणि वडिलांच्या मागाचाच वापर. मालकाला विचारून आत जा, फोन मागाला न टेकवता हातात धर, दहा मिनिटं सलग घे. मग त्या गाण्यात तो आवाज एका जागी अचानक थांबव. माग चालू असताना घरात कोणाच्या लक्षात येत नाही. थांबला की सगळे वर बघतात. हे तुला माझ्यापेक्षा जास्त माहीत आहे.

गाणी किती, याचं उत्तर: नऊ, फार तर दहा. ३० ते ३५ मिनिटं. न्यूयॉर्कच्या रॅपर नॅसचा पहिला अल्बम, 'इलमॅटिक', १९९४ चा. सुरुवातीचा तुकडा धरून १० गाणी आणि ४० मिनिटांच्या आतबाहेर, आणि तीस वर्षांनंतरही लोक तो पहिल्यापासून शेवटपर्यंत ऐकतात. पहिल्या अल्बमात सगळं सांगून टाकायची घाई असते, ती मला समजते. पण ऐकणारा तुला अजून ओळखत नाही. अनोळखी पाहुणा अर्धा तास बसला तर चहा होतो, दोन तास बसला तर घरातले घड्याळ बघतात.

सुटी गाणी की अल्बम, यात मला फारसा पेच दिसत नाही. अल्बमचीच दोन गाणी पाच-सहा आठवड्यांच्या अंतरानं आधी सोड, मग पूर्ण अल्बम. मात्र कोपऱ्यात नाव लिहायचं ते काम झालेलं नसेल तर सुटीच गाणी सोडत राहा, त्यात कमीपणा नाही.

बीट्सबद्दल, म्हणजे शब्दांखाली वाजणाऱ्या संगीताबद्दल, तू विचारलं नाहीस, पण २१ गाणी १४ वेगवेगळ्या 'टाइप बीट'वर, म्हणजे एखाद्या नावाजलेल्या रॅपरच्या धाटणीच्या तयार बीटवर, आहेत असं लिहिलंस, म्हणून थांबतो. यूट्यूबवर 'फ्री' लिहिलेला बीट बहुतेक वेळा फक्त कमाई न करता वापरायला फ्री असतो. स्ट्रीमिंगवर टाकायचा तर लीज, म्हणजे वापरायचा परवाना, विकत घ्यावी लागते, आणि लीजमध्ये किती स्ट्रीमपर्यंत चालेल याची मर्यादा असू शकते. ते पान पूर्ण वाच. साधी लीज एकाच बीटवर अनेकांना दिलेली असते, म्हणून त्यावरचं गाणं यूट्यूबच्या कंटेंट आयडीला, म्हणजे सारखा आवाज ओळखून आपोआप दावा लावणाऱ्या यंत्रणेला, लावू नकोस. लावलंस तर त्याच बीटवरच्या दुसऱ्यांच्या गाण्यांवर दावे जातात, आणि उलटा दावा तुझ्यावर येतो. जुन्या गाण्याचे 'आठ-दहा सेकंद घेतले तर चालतात' असं पोरं म्हणतात, तसा कुठलाही नियम कायद्यात नाही. शाहिरांच्या दोनशे वर्षांपूर्वीच्या ओळी तू स्वतः म्हणू शकतोस, त्यांच्यावर आता कोणाचा हक्क नाही. पण कोणीतरी गायलेल्या रेकॉर्डिंगवर प्रकाशित झाल्यापासून ६० वर्षं हक्क असतो. ते उचलायचं नाही.

जमलं तर सगळे बीट्स एकाच माणसाकडून घे. दिल्लीच्या रॅपर प्रभदीपच्या २०१७ च्या पहिल्या अल्बमचं संगीत 'सेझ ऑन द बीट' या एकाच निर्मात्यानं केलं, आणि ते एकच घर वाटतं. सोलापुरात बीट करणारी चांगली पोरं आहेत, आणि रोख कमी देऊन हक्कात वाटा दिला तर बरेच जण तयार होतात. वाटा किती हे काम सुरू होण्याआधी कागदावर लिहा, दोघांच्या सह्या, तारीख. दोस्तीत कागद कसला, असं म्हणू नकोस. माझी दोन चांगली माणसं मी अशीच गमावलीत.

माइक. मुंबईच्या रॅपर नेझीनं २०१४ मध्ये आपलं पहिलं गाणं आयपॅडवर केलं होतं, तेव्हा माइकनं काही अडत नाही हे आधी डोक्यात घे. तरी घ्यायचाच तर तुझ्या घराकडं बघून घे. भिंतीला लागून माग आहे म्हणतोस. मग कंडेन्सर माइक नको, तो अख्खी गल्ली ऐकतो. शुअर एसएम ५८ सारखा साधा डायनॅमिक, म्हणजे जवळचाच आवाज पकडणारा, घे, चार बोटांच्या अंतरावरून बोल, माइकची पाठ मागाच्या भिंतीकडं कर. अंड्यांचे ट्रे चिकटवू नकोस, त्यानं मागाचा आवाज थांबत नाही. भिंतीतून येणारी घरघर कशानंच थांबत नाही, माग बंद असेल तेव्हाच रेकॉर्ड करावं लागतं. खोलीचा घुमारा मात्र जातो, आणि त्याला लागणारा माल आपल्या गावात घरोघरी आहे. दोन जाड चादरी एकावर एक, भिंतीपासून तीन-चार इंच सोडून टांग, आणि त्या तुझ्या पाठीमागं आणि दोन्ही बाजूंना हव्यात. माइक तुझ्याकडं तोंड करून असतो, म्हणजे तुझ्या मागची भिंत त्याला ऐकू येते. लॅपटॉप चार्जरवर असताना 'ऊं' असा आवाज येत असेल तर ती ५० हर्ट्झची वीज आहे, अर्थिंग नीट नाही. चार्जर काढून बॅटरीवर रेकॉर्ड कर. उन्हाळ्यात पंखा बंद करून खोलीत थांबवत नाही, तर पहाटे पाच ते सात ही वेळ धर. आणि नळाला पाणी यायच्या दिवशी रेकॉर्डिंग ठेवूच नकोस, गल्लीतल्या सगळ्या मोटारी चालू असतात. रेकॉर्डिंग २४ बिटवर ठेव, आणि आवाज सगळ्यात मोठा होतो तिथं मीटर उणे १० डेसिबलच्या आसपास राहू दे. याच्या पुढं आकड्यांत शिरायची आत्ता गरज नाही.

पैशांचं गणित माझ्या हिशेबानं असं बसतं. माइक, इंटरफेस (माइक लॅपटॉपला जोडायची पेटी), स्टँड, केबल मिळून साधारण २०,०००. माझ्याकडं एका गाण्याच्या मिक्स-मास्टरचे, म्हणजे आवाज आणि संगीत जुळवून शेवटचा हात फिरवायचे, २,५०० होतात, नऊ गाण्यांचे २२,५००. दुसरीकडं कमी-जास्त लागतील. उरतात १७,५००, त्यात बीट्स, कव्हर आणि डिस्ट्रिब्युटरची, म्हणजे गाणी स्ट्रीमिंगवर पोचवणाऱ्याची, फी. कोणाची खोली वापरायला मिळत असेल तर माइकचे २०,००० वाचव आणि मिक्सवर घाल, ते जास्त ऐकू येतं. व्हिडिओवर काही खर्च करू नकोस. भाड्याची गाडी, ड्रोन, धूर यांत ४०,००० घालून गाणी फोनवर मिक्स केलेली पोरं मी पाहिलीत, आणि मला त्यांचं फार वाईट वाटतं, कारण त्यांच्या ओळी चांगल्या होत्या.

मिक्स करणाऱ्याला एवढंच सांग की आवाज फुगवू नकोस. स्पॉटिफाय आणि यूट्यूब सगळी गाणी साधारण उणे १४ एलयूएफएसच्या (गाणं किती मोठं वाजतं ते मोजायचं माप) पातळीवर आणून वाजवतात, त्यामुळं दाबून मोठं केलेलं गाणं तिथं मोठं वाजत नाही, फक्त चिरडलेलं वाजतं. डीजेच्या भिंतीवर गाणं ऐकून ठरवायची आपल्या गावाला सवय आहे. तुझं गाणं ऐकलं जाणार फोनच्या स्पीकरवर. तिथं खालचा बास ऐकूच येत नाही, फक्त शब्द उरतात.

आता करार. तू लिहिलंस की त्यात 'सर्व हक्क, कायमस्वरूपी, संपूर्ण जगभर' असं आहे, आणि हातात २५,००० देणार आहेत. करार मी पाहिलेला नाही, त्यामुळं सही कर किंवा करू नकोस असं सांगणं माझ्या अधिकारात बसत नाही. एखाद्या वकिलाला दाखव, त्याची फी या ६०,००० मधला सगळ्यात चांगला खर्च ठरेल. पण जाताना हे माहीत असू दे. कॉपीराइट कायदा १९५७ चा आहे आणि २०१२ मध्ये त्यात मोठी दुरुस्ती झाली. हक्क दुसऱ्याला द्यायचे तर ते लेखी आणि सहीनिशी द्यावे लागतात. करारात मुदत लिहिलेली नसेल तर ५ वर्षं धरतात, प्रदेश लिहिलेला नसेल तर फक्त भारत. तुझ्या करारात दोन्ही मुद्दाम लिहिलंय, म्हणजे ते बोलणी करून बदलता येतं का हे आधी विचार. ५ किंवा ७ वर्षं माग. गाण्याचे शब्द आणि संगीत वेगळे, त्यांचं रेकॉर्डिंग वेगळं, या दोन निरनिराळ्या मिळकती आहेत. रेकॉर्डिंग लेबलला दिलंस तरी शब्दांचा आणि संगीताचा रॉयल्टीतला समान वाटा घ्यायचा हक्क २०१२ च्या दुरुस्तीनं लेखक-संगीतकाराकडं ठेवलाय. तो कायदेशीर वारस किंवा कॉपीराइट सोसायटी सोडून कोणाला देता येत नाही. त्यासाठी इंडियन परफॉर्मिंग राइट सोसायटीचा, म्हणजे आयपीआरएसचा सभासद हो.

मी २०१३ मध्ये एका कंपनीला तीन बीट्स तोंडी बोलण्यावर दिले होते. त्यातला एक अजून लग्नांमध्ये वाजतो. माझं नाव कुठं नाही, आणि माझ्याकडं दाखवायला एक साधा मेलसुद्धा नाही.

लेबल न घेता स्वतः काढायचं ठरवलंस तर डिस्ट्रोकिड, ट्यूनकोर यांसारख्या कोणत्याही डिस्ट्रिब्युटरमार्फत काढता येतं. प्रत्येक गाण्याला अक्षरं-आकडे मिळून १२ चिन्हांचा आयएसआरसी कोड, म्हणजे त्या रेकॉर्डिंगचा ओळख क्रमांक, मिळतो, तो जपून ठेव, कारण डिस्ट्रिब्युटर बदललास तर तोच वापरावा लागेल. कव्हर ३००० बाय ३००० पिक्सेल. तारखेच्या चार आठवडे आधी सगळं चढव, कारण स्पॉटिफायच्या प्लेलिस्टसाठी गाणं किमान ७ दिवस आधी पाठवावं लागतं. भाषेच्या रकान्यात 'मराठी' निवड. पैशांची मोठी आशा ठेवू नकोस. २०२४ पासून स्पॉटिफायवर १२ महिन्यांत १,००० स्ट्रीम न झालेल्या गाण्याला रॉयल्टी मिळतच नाही.

पूर्ण झाला की कुठंही चढवण्याआधी एक कर. हेडफोन घेऊन अक्कलकोटच्या एसटीत बस. ४० किलोमीटरच्या आतबाहेरचा रस्ता आहे, अल्बम सहज संपतो. फोन खिशात ठेव आणि एकही गाणं पुढं ढकलू नकोस. जिथं तुझाच हात खिशाकडं जाईल ते गाणं काढून टाक.

क्रूचं मी मुद्दाम शेवटी ठेवलंय. तू सांगितलेलं नाहीस, कारण त्यांना वाटेल तू सोडून चाललास. पण २१ पैकी दोन हूक क्रूमध्ये बसून झालेत असं तूच लिहितोस. म्हणजे ती गाणी एकट्या तुझी नाहीत, कायद्यानंही नाहीत. ती घ्यायची तर ते हूक ज्यांच्यासोबत बसून केलेस त्यांची लेखी संमती आणि त्यांची नावं हवीत. पण कागदाच्या आधी तोंडानं सांगायला हवं, आणि त्यांना बाहेरून कळायच्या आधी. पूर्ण अल्बम झाल्यावर नको. दोन गाणी कच्ची रेकॉर्ड झाली की तिघांना घरी बोलाव, फोनवर लिंक पाठवू नकोस. एक तरी गाणं असं निवड की ज्याच्या कोपऱ्यात त्या तिघांची नावं आहेत. नसेल तर आधी ते लिही, तुझ्या नऊमध्ये ते असायलाच हवं असं मला वाटतं. त्या संध्याकाळी करार, लेबल, पैसे यांचा विषय काढू नकोस. गाणं लाव, आणि संपल्यावर आधी त्यांना बोलू दे.